राजा नाचला तो कशासाठी?

प्रश्न : आमच्याकडे शिमग्यात पालखीबरोबर खेळे असतात, रात्री नमन होतं. वगात राजाचं काम करणारा गडी आधी गणाला मृदंगावर सगळ्यांबरोबर नाचून घेतो आणि मग फेटा बांधून सिंहासनावर बसतो. यंदा ते बघताना कॉलेजात जाणारा पुतण्या म्हणाला, 'काका, फ्रान्सचा खरा राजाही असाच नाचायचा, सूर्याचं सोंग घेऊन.' मला ते काही पटलं नाही. खरा राजा सोंग घेऊन नाचेल कशाला? त्या लोकांना दुसरा उद्योग नव्हता का? आणि हे खरं असेल, तर आपले छत्रपती, पेशवे, संस्थानिक यांच्यापैकी कोणी असं करत होतं का?
ता. क. सावंतवाडीचे गोल पत्ते हा फक्त राजेलोकांचा खेळ होता म्हणतात, ते खरं का?
— एक वाचक, वेळणेश्वर (ता. गुहागर)

उत्तर : पुतण्या सांगतो ते खरं आहे, आणि तुम्हाला ते न पटणंही रास्त आहे. आपल्याकडे राजाने नाचायचं नसतं, नाच बघायचा असतो. त्यामुळे 'राजा नाचला' म्हटलं की आपल्याला एकतर झिंगलेला राजा आठवतो, नाहीतर नाटकातला. फ्रान्सचा चौदावा लुई त्या दिवशी शुद्धीत होता आणि राजाही खराच होता. तो कधी आणि कुठे नाचला ते आधी पाहू, म्हणजे कशासाठी नाचला हे कोडं निम्मं सुटेल.

२३ फेब्रुवारी १६५३. पॅरिसमध्ये लुव्र राजवाड्याला लागून पेती-बूर्बों नावाचं मोठं दालन होतं. तिथे 'रात्रीचा राजेशाही बॅले' झाला. कथानक असं काही नव्हतंच. दिवस मावळल्यापासून पहाटेपर्यंत एका रात्रीत काय काय घडतं, एवढाच विषय. चाळीसहून जास्त प्रवेश होते. शिकारी आले, जिप्सी आले, भिकारी, चोर, चेटकिणी, आग लागलेल्या घरातून पळणारी माणसं अशी सोंगामागून सोंगं आली, नाचली आणि गेली. नमन बघणाऱ्या माणसाला ही रचना परकी वाटू नये. शेवटी उषा आली आणि तिच्या मागून उगवता सूर्य. तो सूर्य म्हणजे चौदा वर्षांचा राजा. त्या पोशाखाचं त्या काळातलं चित्र आजही आहे. पायघोळ झग्याऐवजी नाचायला मोकळा असा आखूड सोनेरी अंगरखा, डोक्यावर किरणांचा मुकुट आणि त्यावर पिसांचा तुरा, शिवाय मनगटांवर, गुडघ्यांवर आणि थेट जोड्यांवरही सोनेरी किरणं. त्याच्याबरोबर सरदारही नाचत होते आणि पोटासाठी नाचणारे कसबी नर्तकही. त्या कसबी लोकांत लुली नावाचा एक इटालियन तरुण होता. महिनाभरातच तो राजाचा संगीतकार झाला.

आता 'कशासाठी'. या रात्रीच्या आधीची पाच वर्षं फ्रान्समध्ये बंडाळी माजली होती. तिला 'फ्रोंद' म्हणतात. आधी पॅरिसचे न्यायाधीश उठले, मग मोठमोठे सरदार, त्यात राजाच्याच घराण्यातले राजपुत्र. जानेवारी १६४९ मध्ये लहानग्या राजाला घेऊन त्याच्या आईला, म्हणजे राणीला, रातोरात पॅरिस सोडावं लागलं. फेब्रुवारी १६५१ मध्ये राजा पुन्हा पळून जाणार अशी आवई उठली आणि लोक राजवाड्यात शिरले. राजा अंथरुणात आहे की नाही हे त्यांना स्वतःच्या डोळ्यांनी बघायचं होतं. राणीने दारं उघडून दिली. बारा वर्षांचा राजा झोपेचं सोंग घेऊन पडून राहिला आणि लोक त्याच्या पलंगाजवळून बघून गेले. आयुष्यातली पहिली अवघड भूमिका त्याने बहुधा तीच केली असावी.

ऑक्टोबर १६५२ मध्ये राजा पॅरिसला परतला. ज्याच्यावर बंडखोरांचा सगळ्यात जास्त राग होता तो प्रधान, कार्डिनल माझारँ, ३ फेब्रुवारी १६५३ ला परतला. आणि त्यानंतर तीन आठवड्यांच्या आत हा बॅले. चोर, भिकारी आणि चेटकिणींची रात्र संपली, सूर्य उगवला. प्रेक्षकांत बसलेल्या कुठल्याही सरदाराला किंवा परदेशी वकिलाला याचा अर्थ कोणी समजावून सांगायची गरज नव्हती. हेच म्हणणं जाहीरनाम्यात लिहिलं असतं तर लोकांनी त्यावर वाद घातला असता. नाचाशी वाद कसा घालणार?

इथे एक गैरसमज दूर करायला हवा. नाच म्हणजे विलास, आणि विलासी राजा म्हणजे कामचुकार राजा, असं आपण धरून चालतो. त्या दरबारात नाचणं हे घोड्यावर बसणं आणि तलवार चालवणं यांच्या पंक्तीतलं शिक्षण होतं. सरदाराच्या मुलाला चालायचं कसं, पाऊल कसं टाकायचं, मान कशी धरायची, लवून मुजरा किती करायचा, हे सगळं नृत्यशिक्षक शिकवत असे. ज्याचा स्वतःच्या अंगावर ताबा नाही तो राज्यावर ताबा काय ठेवणार, अशी समजूत. लुई वर्षानुवर्षं तालीम करत होता. १६६१ मध्ये माझारँ वारला आणि राजाने कारभार स्वतःच्या हातात घेतला. त्याच वर्षी त्याने स्थापन केलेल्या पहिल्या संस्थांपैकी एक होती नृत्याची शाही अकादमी. आपल्याकडे नाचणं हे बिदागी घेणाऱ्याचं काम मानलं गेलं, म्हणून राजाने नाचणं आपल्याला कमीपणाचं वाटतं. मला विचाराल तर तुमच्या शंकेची खरी गाठ इथेच आहे.

दुसरा गैरसमज असा की हे आपल्या नाटकासारखं नाटक होतं, म्हणजे समोर पडदा, इकडे प्रेक्षक, मध्ये तिकीट. तसं नव्हतं. तिथे प्रेक्षकही खेळातच असत. इंग्लंडचं उदाहरण याहून स्पष्ट आहे. तिथल्या दरबारी सोहळ्यांना 'मास्क' म्हणत. सतराव्या शतकाच्या सुरुवातीला बेन जॉन्सन हा कवी ते लिही आणि इनिगो जोन्स हा वास्तुकार त्यांची दृश्यं उभी करी. जोन्स इटलीत जाऊन पडदे रंगवण्याची नवी रीत शिकून आला होता. रंगवलेला रस्ता खरोखर लांब जातोय असं त्यात वाटे. पण ही जादू दालनातल्या एकाच जागेवरून अचूक दिसे, आणि त्या जागी राजाची खुर्ची. त्या खुर्चीपासून जो जितका लांब, त्याला दृश्य तितकं वाकडं दिसणार. कोण कुठे बसला यावरून त्याचं दरबारातलं वजन कळे. यावरून इतकी भांडणं होत की फ्रान्स आणि स्पेनच्या वकिलांना एकाच रात्री बोलावणं टाळत. एकाला वरची जागा दिली की दुसरा रुसलाच.

या मास्कमध्ये राणी आणि सरदारांच्या बायका सोंगं घेऊन येत, नाचत, पण तोंडाने बोलत नसत. बोलायचं काम भाड्याच्या नटांचं. नाचल्याने प्रतिष्ठा जात नाही, संवाद म्हटल्याने जाते, असा तो हिशोब. पुढे पहिल्या चार्ल्सच्या राणीने एका नाटकात बोलायची भूमिका घेतली. त्याच सुमारास विल्यम प्रिन नावाच्या एका कट्टर वकिलाचं नाटकांविरुद्धचं जाडजूड पुस्तक बाहेर पडलं. त्यात स्त्री-नटांना वेश्या म्हटलं होतं. हा टोला राणीलाच मारला असं ठरून १६३४ मध्ये त्याचे कान कापले गेले. लंडनच्या वकीलमंडळींनी त्याच वर्षी राजनिष्ठा दाखवायला स्वतःच्या खर्चाने एक मास्क सादर केला. त्याचा खर्च एकवीस हजार पौंडांच्या घरात गेला. दरबारी खेळ हा पोरखेळ नव्हता, एवढं या कानांवरून ध्यानात यावं.

पण या खेळाची ताकद कुठे संपते, तेही याच चार्ल्सने दाखवून दिलं. जानेवारी १६४० मध्ये तो स्वतः एका मास्कमध्ये उतरला. आपल्या प्रजेवर प्रेम करणारा राजा अशी त्याची भूमिका. सुरुवातीला वादळ, कलह आणि भुतंखेतं येतात. राजा येताच सगळं शांत होतं. दालनात सगळं अगदी ठरल्याप्रमाणे शांत झालं. दालनाबाहेर मात्र करांवरून आणि धर्मावरून पेटलेलं भांडण शमलं नाही. तीन वर्षांच्या आत यादवी सुरू झाली. व्हाइटहॉलच्या ज्या मेजवानीगृहात आधी मास्क होत, त्याच्या छतावर राजाने रूबेन्स या चित्रकाराकडून आपल्या वडिलांच्या गौरवाची चित्रं करून घेतली होती. मशालींच्या धुराने ती काळवंडतील म्हणून नंतर मास्कसाठी वेगळी लाकडी इमारत बांधली. ३० जानेवारी १६४९ ला चार्ल्सला त्याच छताखालून चालवत नेलं. बाहेर रस्त्यावर वधस्तंभ उभारला होता. लुईच्या बाबतीत सोंग आणि वस्तुस्थिती एकाच दिशेने चालली होती. चार्ल्सच्या बाबतीत तसं नव्हतं.

मर्दानी खेळांचंही असंच. १५५९ मध्ये फ्रान्सचा दुसरा हेन्री मुलीच्या लग्नाच्या सोहळ्यात घोड्यावरून भाल्याचा सामना खेळत होता. प्रतिस्पर्ध्याच्या मोडलेल्या भाल्याची कपची डोळ्यात घुसून तो काही दिवसांनी मेला. राजाच खेळणार म्हटल्यावर खेळ जिवावर बेतता कामा नये, म्हणून पुढे माणसावर भाला धरण्याऐवजी टांगलेल्या कड्या आणि लाकडी मुंडकी टिपण्याचे खेळ आले. जून १६६२ मध्ये लुईने पॅरिसमध्ये असाच प्रचंड अश्वखेळ मांडला. 'कॅरुझेल' म्हणत त्याला. सरदारांच्या पाच तुकड्या होत्या : रोमन, पर्शियन, तुर्की, भारतीय आणि अमेरिकन. रोमनांचा म्होरक्या अर्थातच राजा. त्यातले 'भारतीय' बघून आपल्याकडच्या माणसाला हसू आवरलं नसतं. पण मतलब पोशाखाच्या खरेपणाशी नव्हता. सगळं जग माझ्याभोवती घोडा फिरवतंय, हे दाखवायचं होतं. पॅरिसमधल्या त्या चौकाला अजून कॅरुझेलचंच नाव आहे.

१६७० च्या सुमारास लुईने रंगमंचावर नाचणं सोडलं.  पुढे त्याच्या जागी दुसरी सोय झाली. दरबार १६८२ मध्ये व्हर्सायला हलला आणि रोजचं जगणंच ठरावीक प्रवेशांचं झालं. सकाळी राजा उठला की सदरा त्याच्या हातात कोणी द्यायचा, रात्री निजताना मेणबत्तीचा दिवा कोणी धरायचा, राणीसमोर बिनपाठीच्या स्टुलावर बसायचा हक्क कोणत्या बायकांना, हे सगळं ठरलेलं. आठवड्यातून तीन संध्याकाळी राजाची दालनं उघडी असत. तिथे बिलियर्ड्स आणि पत्ते चालत. बाप-आज्यांनी बंडं केलेले सरदार आता आज दिवा कोणाच्या हातात येतो या काळजीत असत. आणि जो माणूस दिव्याची वाट बघत व्हर्सायच्या ओसरीत उभा आहे, तो आपल्या गढीत बसून फौज जमवत नसतो.

हे वाचून हसू आलं असेल तर आपल्या पालखीचा मान आठवा. देव सहाणेवरून निघताना पहिला खांदा कोणाचा, पहिला नारळ कोणाचा, पालखी आधी कुठल्या वाडीत जाणार, निशाण कोण धरणार? एरवी गावात कोणाचं कोणाशी काय चाललंय ते कळायला वर्ष जातं. शिमग्यात एका रात्रीत कळतं. मानपानाचे तंटे कोर्टापर्यंत गेल्याची उदाहरणं कोकणात कमी नाहीत, आणि त्यात भांडणारे लोक खुळे नसतात. पालखी नाचवणं हा खेळच आहे, पण तो खोटा म्हणून कोणी सोडून देत नाही. हायझिंगा नावाच्या डच इतिहासकाराने १९३८ मध्ये यावर आख्खं पुस्तक लिहिलं. खेळ हा गांभीर्याच्या उलट नाही, उलट पूजा, न्याय, युद्ध यांत तो मुरलेला असतो, असा त्याचा मुद्दा. शिमग्याला उभ्या राहिलेल्या माणसाला यासाठी डच पुस्तकाची गरज नाही, ही गोष्ट वेगळी.

'दुसरा उद्योग नव्हता का?' या तुमच्या प्रश्नाला फ्रान्सची पुढच्या काळातली राणी मारी अँत्वानेत हिचं उदाहरण शोभून दिसेल. निव्वळ हौसेसाठी खेळणारी ती होती. १७८० मध्ये तिने व्हर्सायच्या बागेत स्वतःचं छोटं नाटकघर बांधून घेतलं. तिथे ती मेंढपाळणी आणि मोलकरणींच्या भूमिका करी. प्रेक्षक चार जिव्हाळ्याची माणसं. बाकीच्या सरदारांना आत मज्जाव. लुईच्या खेळात प्रत्येकाला जागा होती, खालची का होईना. राणीच्या खेळात जागाच नाही म्हटल्यावर जुनी घराणी दुखावली. राणीवरच्या कुचाळक्या बाहेरून यायच्या आधी राजवाड्यातच शिजायला लागल्या त्या यामुळेही. उद्योग म्हणून केलेला खेळ राजाला तारून गेला, आणि विरंगुळा म्हणून केलेला राणीला महागात पडला.

आता आपल्याकडे वळू. आपले राजे रंगमंचावर नाचले नाहीत. पण त्यांनी नाटकं लिहिली, लिहवून घेतली, बघितली, आणि दरबार भरवला की त्यात स्वतः भूमिकाही केली.

लिहिण्यात पहिला मान तंजावरचा. शिवाजी महाराजांचे सावत्र भाऊ व्यंकोजी यांनी तिथे राज्य मिळवलं. त्यांचे चिरंजीव शहाजीराजे १६८४ ते १७१२ गादीवर होते. त्यांनी तेलुगू, मराठी, संस्कृत, हिंदी अशा अनेक भाषांत नाटकं रचली. 'लक्ष्मीनारायण कल्याण' हे त्यांचं नाटक मराठीतल्या सगळ्यात जुन्या नाटकांत मोडतं. त्यामुळे 'मराठी नाटक १८४३ साली जन्मलं' असं कोणी ठासून सांगितलं तर त्याला तंजावरची आठवण करून द्यावी. राजांचं मला सगळ्यात आवडतं नाटक म्हणजे 'पंचभाषाविलास'. चार देशींच्या चार राजकन्या कृष्णावर भाळतात. एक तमिळ बोलते, एक तेलुगू, एक मराठी, एक हिंदी, आणि कृष्ण संस्कृतात उत्तरं देतो. गंमत म्हणून छान आहेच, पण दरबाराकडे बघा. राजा मराठी, प्रजा तमिळ, आधीच्या नायक राजांपासून चालत आलेली दरबारी काव्याची भाषा तेलुगू, पंडित संस्कृतवाले, उत्तरेतून येणारे लोक हिंदी बोलणारे. या सगळ्यांनी एका चौकात बसून एकच नाटक बघायचं आणि प्रत्येकाला आपापला भाग कळायचा. लुईने आपल्या सरदारांना सूर्याभोवती फिरवलं. शहाजीराजांनी आपल्या माणसांना कृष्णाभोवती उभं केलं.

त्याच गादीवरचे दुसरे सरफोजी (१७९८ ते १८३२) आणखी पुढे गेले. त्यांच्या 'देवेंद्रकुरवंजी' नाटकात डोंगरातून आलेली भविष्य सांगणारी बाई इंद्राच्या राणीला पदांमधून जगाचा भूगोल सांगते : खंडं, देश, समुद्र. भूगोलाचं पुस्तक लिहिण्याऐवजी राजाने तो नाटकात घालून गाऊन दाखवायची सोय केली. शिक्षणखात्याने दखल घ्यावी.

शिवाजी महाराजांना नाटकांची हौस होती असं कुठे दिसत नाही, आणि त्यांच्याकडे वेळही नव्हता. पण ६ जून १६७४ चा राज्याभिषेक सोहळा म्हणून किती विचारपूर्वक मांडला होता ते इंग्रज वकील ऑक्झिंडेनने लिहून ठेवलंय. सिंहासनाच्या बाजूला भाल्यांच्या टोकांवर सोनेरी मत्स्यमुखं, घोड्यांच्या शेपट्या, आणि एका भाल्यावर समतोल सोन्याचा तराजू. तराजू म्हणजे न्याय, हे मराठी न कळणाऱ्या इंग्रजालाही कळलं. दाराशी दोन हत्ती झुलत होते. एवढ्या अवघड गडावर हे हत्ती चढवले कसे, या विचारात तो पडला. त्याने त्या विचारात पडावं हाच तर बेत.

पेशवाईतला सगळ्यात नाट्यमय प्रसंग मात्र १७९२ चा. दिल्लीचा बादशहा शाहआलम याचे डोळे चारच वर्षांपूर्वी गुलाम कादरने काढले होते. त्याची सुटका केली महादजी शिंद्यांनी, आणि तेव्हापासून बादशाही महादजींच्याच जिवावर उभी होती. अशा बादशहाकडून पेशव्यांसाठी 'वकील-इ-मुतलक' हा किताब घेऊन महादजी पुण्याला आले. भेटीच्या वेळी ते हत्तीवरून लांबच उतरले आणि पिढीजात मानकऱ्यांच्याही खाली जाऊन बसले. सवाई माधवराव समोर येताच त्यांनी काखेतली गाठोडी सोडली, नवे जोडे काढून पेशव्यांपुढे ठेवले आणि त्यांच्या पायातले जुने उचलून गाठोडीत बांधले. आमच्या वडिलांचं काम हेच होतं, असं म्हणाले. त्यांच्यापुढे उभा होता अठरा वर्षांचा पोरगा, आणि महादजी तेव्हा हिंदुस्थानातले सगळ्यात बलाढ्य सरदार.

शाळेच्या पुस्तकात ही गोष्ट नम्रतेचा धडा म्हणून येते. नम्रता असेलही. पण नाना फडणिसांना ती निव्वळ नम्रता वाटली नाही, आणि नाना माणसं ओळखत. पुढे किताब देण्याचा सोहळा झाला तो बघा. शामियान्याच्या टोकाला बादशहाचं म्हणून एक रिकामं सिंहासन मांडलं. त्यावर फर्मान आणि खिलत ठेवली. पेशव्यांनी त्या रिकाम्या सिंहासनापुढे जाऊन तीन वेळा मुजरा केला, १०१ मोहरांची नजर ठेवली आणि सिंहासनाच्या डाव्या हाताला बसले. आंधळा बादशहा दिल्लीत, त्याचं रिकामं आसन पुण्यात, त्याला मुजरा करणारा पेशवा, आणि पेशव्यांचे जोडे सांभाळणारा, हे सगळं घडवून आणणारा सरदार. कित्येक मानकरी नाखूश होते ते उगाच नव्हे. कोण कोणापुढे वाकतंय हे त्यांना स्पष्ट दिसत होतं. ग्रँट डफच्या इतिहासात हे वर्णन सविस्तर आहे. बॅले नसेल हा, पण याहून जास्त बसवलेला प्रवेश मला तरी मराठी इतिहासात दुसरा ठाऊक नाही.

राहिला खरा रंगमंच. सांगलीचे पटवर्धन मूळचे आपल्याच जिल्ह्यातल्या कोतवड्याचे. चिंतामणराव आप्पासाहेब पटवर्धनांच्या दरबारात कर्नाटकातली एक भागवत मंडळी यक्षगानाचे खेळ घेऊन आली. ते बघून आप्पासाहेबांनी दरबारच्या आश्रयातल्या विष्णु अमृत भावे या तरुणाला सांगितलं, असं काही मराठीत करा. ५ नोव्हेंबर १८४३ ला 'सीता स्वयंवर' झालं. हाच आजचा मराठी रंगभूमी दिन. सूत्रधार पदं म्हणणार, सुरुवातीला गणपती, मग मोरावर बसलेली सरस्वती नाचून जाणार, विदूषक चेष्टा करणार, पात्रं आयत्या वेळी सुचेल ते बोलणार, आणि राक्षस तलवारी परजत 'अलल डुर्र' करत घुसणार. तुमच्या नमनातला गणपती आणि काळ्या कपड्यांतला, कमरेला घुंगरं बांधलेला संकासुर हे या घराण्याचे सख्खे नसले तरी चुलत खचितच.

इथे आपल्या आणि फ्रेंच दरबारातला फरक कामाला आला. सांगलीचा राजा प्रेक्षकांत होता, रंगमंचावर नव्हता. १८५१ मध्ये आप्पासाहेब वारले आणि दरबारचा आश्रय आटला. पण खेळ राजाच्या अंगात नव्हता, भाव्यांच्या मंडळीच्या अंगात होता. ते सामान बांधून निघाले. पुणं झालं, आणि १८५३ मध्ये मुंबईत ग्रँट रोडच्या नाटकगृहात त्यांनी तिकीट लावून प्रयोग केले. पहिल्या रांगेची खुर्ची आता मान बघून नाही, पैसे बघून मिळायला लागली. तिकडे लुईने नाचणं थांबवल्यावर बॅलेही कसबी लोकांच्या हातात गेला आणि लुलीच्या ऑपेरागृहात तिकिटावर दिसू लागला.  

ताजा कलमाचं उत्तर थोडक्यात. गंजिफा, म्हणजे तुम्ही म्हणता ते गोल पत्ते, राजेलोकांचीच नव्हती. दरबारासाठी हस्तिदंती आणि उंची पत्ते होत, बाजारासाठी साधे, आणि कारागीर दोन्ही करत. मोगलांकडे आठ रंगांचा ९६ पत्त्यांचा डाव होता. सावंतवाडीत लोकप्रिय झाला तो दशावतारी : दहा अवतारांचे दहा रंग, प्रत्येकाचे बारा पत्ते, त्यात एक राजा आणि एक प्रधान. एकूण १२०. पाच रंगांत दश्शी मोठी आणि उरलेल्या पाचांत एक्का मोठा, म्हणून नवखा माणूस हमखास फसतो. ही कला मरायला टेकली होती. सावंतवाडीच्या राजघराण्यातल्या शिवरामराजे आणि सत्त्वशीलादेवी भोसले यांनी जुन्या चिताऱ्यांकडून ती पुन्हा उभी केली, आणि राजवाड्यात पत्ते अजून रंगवले जातात. संच आणलात तर खेळायला तिघे जमवा. दिवसा डाव असेल तर ज्याच्याकडे रामाचा राजा तो उतारी करतो, दिवस मावळल्यावर कृष्णवाला. त्यामुळे तिन्हीसांजेला बसणार असाल तर सूर्य मावळला की नाही, यावर आधीच एकमत करून घ्या.